खटला उभा राहण्याआधी

आम्हा महाबळेश्वरकरांचा प्रतापगड शेजारी. शिवरायांबद्दल वेडंवाकडं ऐकलं की मलाही राग येतो. तरीही एक निकाल मला मोलाचा वाटतो. अमेरिकन अभ्यासक जेम्स लेन यांच्या शिवाजी महाराजांवरील पुस्तकावरून जानेवारी २००४ मध्ये पुण्याच्या डेक्कन पोलीस ठाण्यात कलम १५३-अ खाली गुन्हा नोंदवला गेला. मुंबई उच्च न्यायालयात दाद मिळाली नाही. ५ एप्रिल २००७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने खटल्याआधीच गुन्हा रद्द केला. लेन यांचा इतिहास खरा की खोटा, हा प्रश्न नव्हता. समाजांत वैर पेटवण्याचा हेतू दिसतो का, एवढंच पाहायचं होतं. तेही सुटी वाक्यं उचलून नव्हे, अख्खं पुस्तक वाचून. हेतूच दिसत नसेल, तर वर्षानुवर्षं कोर्टाच्या तारखा हीच शिक्षा ठरते. चुकीच्या इतिहासाला उत्तर पुराव्यानं द्यावं.