करडे गृहस्थ (मोमो)

करडे गृहस्थ ही जर्मन लेखक मिखाएल एंडे (१९२९–१९९५) यांच्या ‘मोमो’ या कादंबरीतील काल्पनिक गुप्त संघटना आहे. ही कादंबरी १९७३ साली स्टुटगार्ट येथील थिनेमान प्रकाशनाने प्रसिद्ध केली व १९७४ साली तिला जर्मन युवासाहित्य पुरस्कार मिळाला. लोकांनी वाचवलेला वेळ ‘वेळ-बचत पेढी’त सुरक्षित ठेवून त्यावर व्याज देण्याचे आश्वासन हे गृहस्थ देतात, प्रत्यक्षात त्या चोरलेल्या वेळावरच ते जगतात.

स्वरूप

करड्या गृहस्थांचा पोशाख, टोपी, मोटार, दस्तऐवजांची पेटी आणि चेहऱ्याचा वर्ण हे सारेच राखेच्या रंगाचे असते. त्यांना नावे नसून क्रमांक असतात. ते जवळ येताच थंडी जाणवते. ते निघून गेल्यावर लोकांना त्यांची भेट आठवत नाही. वेळ वाचवण्याचा निश्चय मात्र मनात टिकून राहतो आणि तो आपलाच आहे असे त्या माणसाला वाटते. संघटनेची गुप्तता या विस्मरणावर अवलंबून आहे.

फूझी यांचा हिशेब

संघटनेची कार्यपद्धती फूझी नावाच्या न्हाव्याच्या प्रसंगात सविस्तर आली आहे. एक्सवायक्यू/३८४/बी या क्रमांकाचा प्रतिनिधी त्यांच्या दुकानात येतो आणि आरशावर आकडेमोड मांडतो. सत्तर वर्षांच्या आयुष्याचे २,२०,७५,२०,००० सेकंद होतात. फूझी बेचाळीस वर्षांचे असल्याने त्यांपैकी १,३२,४५,१२,००० सेकंद सरलेले आहेत. त्यांचा खर्च प्रतिनिधी पुढीलप्रमाणे दाखवतो :

झोप (रोज ८ तास) – ४४,१५,०४,०००
काम (८ तास) – ४४,१५,०४,०००
जेवण (२ तास) – ११,०३,७६,०००
वृद्ध आईचा सहवास (१ तास) – ५,५१,८८,०००
पाळलेल्या पोपटाची निगा (पाव तास) – १,३७,९७,०००
बाजारहाट व घरकाम (१ तास) – ५,५१,८८,०००
मित्रमंडळी, गायन, वाचन इत्यादी (३ तास) – १६,५५,६४,०००
अपंग असलेल्या डारिया या मैत्रिणीची भेट (अर्धा तास) – २,७५,९४,०००
खिडकीपाशी बसून चिंतन (पाव तास) – १,३७,९७,०००

या रकमांची बेरीज तंतोतंत सरलेल्या सेकंदांइतकी होते व शिल्लक शून्य उरते. फूझी हादरतात. बेरजेत कोठेही चूक नाही. मात्र नोंदवलेल्या तासांची बेरीज चोवीस असल्यामुळे कोणाही माणसाचा हिशेब असा मांडला तरी शिल्लक शून्यच येईल. फसवणूक आकड्यांत नसून जगलेला प्रत्येक क्षण ‘खर्च’ या सदरात टाकण्यात आहे. रोज दोन तास वाचवले असते तर वीस वर्षांत ५,२५,६०,००० सेकंद जमा झाले असते, असेही प्रतिनिधी सांगतो. फूझी आईला वृद्धाश्रमात ठेवतात, पोपट विकतात आणि यापुढे भेटायला वेळ नाही असे डारियाला पत्राने कळवतात. वाचवलेला वेळ मात्र त्यांच्या हाती कधीच येत नाही. दिवस पूर्वीपेक्षा लहान वाटू लागतात.

चोरलेल्या वेळाचे काय होते

वेळाचा खरा रक्षक सेकुंडुस मिनुटिउस होरा हा आहे. त्याच्या नावात सेकंद, मिनिट आणि तास हे तिन्ही शब्द आले आहेत. (भारतीय ज्योतिषातील ‘होरा’ हा शब्दही अभ्यासक मूळ ग्रीकच मानतात.) तो ‘कोठेच नाही’ नावाच्या घरात असंख्य घड्याळांमध्ये राहतो आणि प्रत्येक माणसाला त्याचा वेळ पाठवतो. हा वेळ माणसाच्या हृदयात तासफुलांच्या रूपाने उमलतो. करडे गृहस्थ ही फुले तळघरात गोठवून ठेवतात, त्यांच्या पाकळ्या वाळवतात आणि त्यांच्या चिरूट करून सतत ओढतात. चिरूट विझताच तो गृहस्थ नाहीसा होतो. म्हणजे या पेढीत ठेव जमा होत नाही, ती केवळ जाळली जाते.

कथानकातील स्थान

नायिका मोमो ही शहराबाहेरील प्राचीन रंगमंडलाच्या अवशेषांत राहणारी अनाथ मुलगी आहे. समोरच्याचे बोलणे मनापासून ऐकून घेणे हा तिचा विशेष गुण. तिच्यासमोर बीएलडब्ल्यू/५५३/सी हा प्रतिनिधी संघटनेचे रहस्य बोलून जातो. त्याबद्दल त्याला नष्ट केले जाते. मुले निदर्शने करून मोठ्यांना सावध करू पाहतात, परंतु सभेला कोणीही येत नाही. कॅसिओपिया ही अर्ध्या तासापुढचे भविष्य जाणणारी कासवी मोमोला होराकडे नेते. मोमो परत येईपर्यंत एक वर्ष आणि एक दिवस लोटलेला असतो. या काळात तिचा मित्र बेप्पो झाडूवाला, तिच्या सुटकेसाठी एक लाख तासांची खंडणी भरायची म्हणून रात्रंदिवस झाडत असतो. मुलांची रवानगी बालकोठारांत झालेली असते.

अखेरीस होरा झोपी जातो आणि जगातील वेळ थांबतो. मोमोजवळ एकच तासफूल, म्हणजे एक तास असतो. पुरवठा तुटल्याने करडे गृहस्थ चिरुटांसाठी एकमेकांनाच संपवतात. मोमो तळघर उघडते आणि फुले आपापल्या धन्यांकडे परततात.

अन्वयार्थ

ही संघटना आधुनिक जीवनातील घाई आणि नफाकेंद्री अर्थव्यवस्था यांचे रूपक मानली जाते. काही अभ्यासकांनी तिचा संबंध अर्थविचारक सिल्व्हिओ गेझेल (१८६२–१९३०) यांच्या, कालांतराने मूल्य घटत जाणाऱ्या चलनाच्या कल्पनेशी जोडला आहे. चलनव्यवस्थेविषयी एंडे यांनी मांडलेल्या विचारांवर जपानच्या एनएचके वाहिनीने १९९९ साली माहितीपट प्रसारित केला.

कादंबरीचा विरोध कष्टांना किंवा वक्तशीरपणाला आहे असे मात्र म्हणता येत नाही. होराचे घर घड्याळांनी भरलेले आहे, आणि एक पाऊल, एक श्वास, झाडूचा एक फटकारा अशा लयीत काम करणारा बेप्पो हा तिच्यातील सर्वांत शहाण्या पात्रांपैकी एक आहे. तोच बेप्पो वेळ वाचवण्यासाठी झाडू लागतो तेव्हा त्याच कामाचा त्याला वीट येतो. आपल्या वेळाचे काय करायचे हे ज्याचे त्याने ठरवावे आणि त्याचे रक्षणही ज्याचे त्यानेच करावे, अशी होराची भूमिका आहे.

रूपांतरे

योहानेस शाफ दिग्दर्शित ‘मोमो’ हा चित्रपट १९८६ साली आला. त्यात राडोस्ट बोकेल यांनी मोमोची आणि जॉन ह्यूस्टन यांनी होराची भूमिका केली. २००१ साली एन्झो दालो यांचा इटालियन सचेतपट प्रदर्शित झाला.