छातीची जबानी

अकलूजच्या पूर्वेस, नीरा आणि भीमा यांच्या संगमापासून फारशा दूर नसलेल्या श्रीपूर गावी दिवाळीच्या सुमारास जो गोंगाट सुरू होतो, तो होळी उलटून गेल्यावरच ओसरतो. १९३४ साली चंद्रशेखर आगाशे यांनी स्थापन केलेल्या बृहन्महाराष्ट्र शुगर सिंडिकेटचा साखर कारखाना येथे उभा राहिला, आणि तेव्हापासून या गावाचे पंचांग तिथिवारापेक्षा गळीत हंगामानेच अधिक ठरू लागले. गव्हाणीत पडणाऱ्या मोळ्या, अहोरात्र फिरणारे चरक, पाळी बदलल्याची वर्दी देणारा भोंगा आणि रस्त्याने कुरकुरत येणाऱ्या बैलगाड्या, या सर्वांच्या कल्लोळात ज्याला दवाखाना चालवावयाचा आहे, त्याला मात्र खिडक्या लावून घेऊन असा एक आवाज ऐकावा लागतो की, जो वीतभर अंतरावरून देखील कानी पडू नये. तो आवाज म्हणजे माणसाच्या छातीत ये-जा करणाऱ्या हवेचा.

हंगामात ऊसतोडीच्या टोळ्या येतात, कारखान्याच्या आसपास पाचटाच्या कोप्या उभ्या राहतात, आणि पौषातल्या थंडीत त्या कोप्यांतली तान्ही लेकरे चुलीच्या धुरात खोकू लागतात. माऊली लेकराला पदराखाली झाकून आणते आणि सांगते, ‘‘डाक्टर, रातच्यापून छाती वाजतीया.’’ कोणी म्हणते घुरघुरतंय, कोणी म्हणते सुईसुई करतंय, कोणी म्हणते बरगडी उडतीया. ही झाली रुग्णाची कैफियत. छातीची जबानी वेगळी घ्यावी लागते, आणि ती घेण्याची रीत, तिच्या नोंदीची रीत व त्या नोंदीतल्या शब्दांची घडण यांचा इतिहास मला जन्मभर वेधून घेत आला आहे.

आपल्या प्राचीन वैद्यांचे कान तीक्ष्ण होते यात संशय नाही. चरकाने श्वासरोगाचे महा, ऊर्ध्व, छिन्न, तमक आणि क्षुद्र असे पाच भेद केले. त्यांतल्या महाश्वासाच्या रुग्णास त्याने मत्त वृषभाची उपमा दिली, आणि तमकश्वासात, म्हणजे आज आपण ज्याला दमा म्हणतो त्याच्याशी बव्हंशी जुळणाऱ्या विकारात, कंठी होणाऱ्या ध्वनीला घुर्घुरक असे नाव दिले. सुश्रुताने तर परीक्षेच्या साधनांत पंचेंद्रियांची गणना करताना कानाला त्याचे स्थान दिलेच आहे. परंतु हे सारे ध्वनी रुग्णाजवळ बसले असता आपोआप ऐकू येणारे होते. फुप्फुसाच्या अमुक भागातून अमुक ध्वनी येतो, असा स्थलनिर्देश त्यांत नव्हता.

तो स्थलनिर्देश शक्य केला रने लाएनेक या फ्रेंच वैद्याने. १८१६ साली पॅरिसच्या नेकेर रुग्णालयात हृद्रोगाची लक्षणे असलेली एक तरुणी त्याच्यापुढे आली. तिच्या वयामुळे आणि स्त्रीत्वामुळे छातीला थेट कान लावणे त्याला प्रशस्त वाटेना, आणि देह स्थूल असल्यामुळे बोटांनी ठोकून पाहण्याने काही निष्पन्न होईना. लाकडी तुळईच्या एका टोकाला टाचणीने खरवडले असता तो आवाज दुसऱ्या टोकाला कान लावणाऱ्यास स्पष्ट ऐकू येतो, ही गोष्ट त्याला त्या क्षणी आठवली. त्याने कागदाचा एक जुडगा घट्ट गुंडाळला, एक टोक तिच्या छातीवर आणि दुसरे आपल्या कानाला लावले, आणि उघड्या कानाने कधी ऐकले नव्हते इतक्या स्वच्छपणे हृदयाचे ठोके त्याने ऐकले. पुढे त्याने स्वतः चरकावर लाकूड कातून सुमारे एक फूट लांबीची नळी बनविली. तीन वर्षे तो ऐकत राहिला. रुग्ण जगला तर त्याची प्रगती आणि दगावला तर शवविच्छेदनातली फुप्फुसे यांच्याशी प्रत्येक ध्वनीचा ताळा घालीत राहिला. आणि १८१९ साली त्याचा द्विखंडात्मक ग्रंथ प्रसिद्ध झाला.

ज्या ध्वनींना पूर्वी कोणी ऐकलेच नव्हते त्यांना नावे कोठून आणावयाची? लाएनेक यासाठी ग्रंथालयात गेला नाही, घरात आणि अंगणात गेला. एका आवाजाला त्याने पारव्याच्या घुमण्याची उपमा दिली, एका प्रकारच्या कंपित स्वराला बकरीच्या बेंबें करण्याची; आणि फुप्फुसदाहाच्या आरंभी श्वास आत घेताना जो बारीक कडकडाट ऐकू येतो, त्याला त्याने तापलेल्या भांड्यात तडतडणाऱ्या मिठाची उपमा दिली. हे शेवटचे वर्णन मी विद्यार्थिदशेत प्रथम वाचले तेव्हा मला आमच्या घरची तिन्हीसांज आठवली. आई मीठमोहऱ्या मुठीत घेऊन आम्हां भावंडांवरून उतरून टाकी आणि ती मूठ चुलीतल्या निखाऱ्यांवर सोडी. क्षणभर काहीच होत नसे, आणि मग एकदम तडतड उठे. ती जितकी जोराची, तितकी दृष्ट मोठी, अशी समजूत होती. फुप्फुसाच्या तळाशी नळी ठेवून ऐकणाऱ्याचा अनुभव याहून निराळा नसतो. श्वास आत जाऊ लागतो, प्रथम काहीच ऐकू येत नाही, आणि श्वास भरत आला की अखेरच्या क्षणी त्या मिठाची मूठ कोणीतरी निखाऱ्यावर सोडते.

परंतु लाएनेकच्या नावांत एक शब्द मोठा अवघड होता. छातीतल्या साऱ्या आगंतुक ध्वनींना त्याने सरसकट ‘राल’ म्हटले. हा त्याच्या भाषेतला नित्याचा शब्द, पण सामान्य फ्रेंच माणसाच्या मनात त्याचा संबंध मरणाऱ्याच्या कंठातल्या अखेरच्या आवाजाशी जडलेला. रुग्णाच्या उशाशी उभे राहून वैद्याने विद्यार्थ्यांना ‘येथे राल आहे’ असे सांगितले की, खाटेवरच्या जिवाचा धीर सुटे. म्हणून लाएनेक रुग्णासमक्ष ‘राँकस’ हा लॅटिन शब्द योजू लागला, ज्याचा मूळ अर्थ केवळ घोरणे असा आहे. मला ही हकीकत फार जवळची वाटते, कारण मराठीतला ‘घरघर’ हा शब्द जणू तेच संकट घेऊन जन्मला आहे. ध्वनीचे अनुकरण म्हणून तो निर्दोष आहे. पण ‘घरघर लागली’ असे आपण म्हणतो ते मरणासन्न माणसाविषयी, आणि मोडकळीस आलेल्या संस्थानाविषयी देखील. दवाखान्यात पदार्पण केल्यावर पहिल्याच वर्षी एका म्हाताऱ्या दमेकऱ्याच्या छातीत घरघर आहे असे मी त्याच्या मुलांसमोर बोलून गेलो. दुसऱ्या दिवशी पाहतो तो लेकी सासरहून आलेल्या, आणि तुळशीपत्र काढून ठेवलेले. म्हातारा पुढे अकरा वर्षे जगला. तेव्हापासून तो शब्द मी रुग्णाच्या घरी उच्चारलेला नाही, ‘घुरघुर’ म्हणतो. एका उकाराच्या फरकाने घरातले वातावरण बदलते.

लाएनेकने दयेपोटी केलेल्या या बदलातून मात्र पुढे दीड शतकाचा गोंधळ उत्पन्न झाला. त्याच्या लेखी राल आणि राँकस हे एकाच गोष्टीचे दोन शब्द होते. जॉन फोर्ब्स याने १८२१ साली ग्रंथ इंग्रजीत आणला, आणि कालांतराने इंग्रज वैद्यांनी तुटक आवाजाला एक शब्द व सलग आवाजाला दुसरा, अशी वाटणी करून घेतली. त्यांतही ओले, कोरडे, जाड, बारीक अशी विशेषणे ज्याने त्याने आपल्या मर्जीप्रमाणे लावली. मुंबईत १८४५ साली ग्रँट मेडिकल कॉलेज निघाले; तेथे मराठी आणि गुजराती भाषांतूनही वैद्यक शिकविण्याचा उपक्रम त्या शतकात झाला आणि डॉ. सखाराम अर्जुन यांच्यासारख्यांनी मराठीत वैद्यकग्रंथ लिहिले. पण छातीच्या आवाजांची शब्दावली आमच्यापर्यंत आली ती इंग्रजीतल्या त्या घोटाळ्यासकट.

कानाने ऐकलेले दुसऱ्याला दाखविता येत नाही, हे या शास्त्राचे मूळ दुःख. १९२५ साली अमेरिकेत कॅबट आणि डॉज यांनी विद्युत्‌साधनांच्या साहाय्याने हृदय व फुप्फुस यांच्या ध्वनींतील कंपनसंख्या तपासल्या. १९५५ साली मॅक्युसिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ध्वनीचा आलेख काढणारे यंत्र छातीला लावले. आणि १९७७ साली रेमंड मर्फी यांनी काळाचे माप ताणून तोच ध्वनी कागदावर मांडला, तेव्हा जी तडतड पूर्वी शाईच्या ठिपक्यासारखी दिसत होती तिच्यातली प्रत्येक लाट मोजता येऊ लागली. बारीक तडतडीचा एकेक स्फोट सुमारे पाच सहस्रांश सेकंदांत संपतो, जाड्याभरड्या तडतडीचा सुमारे पंधरा; शिळेसारखा आवाज याहून कितीतरी लांबतो, दहाव्या हिश्श्याइतका तरी सेकंद टिकतो.

या सर्वांत मला मोठा वाटतो तो पॉल फोर्गाक्स. १९६०च्या दशकात लंडनमध्ये त्याने दोन साध्या प्रश्नांचा पिच्छा पुरविला. तडतड म्हणजे कफातले बुडबुडे, असे सर्वजण मानीत. त्याने दाखविले की श्वासाच्या अखेरीस होणारी बारीक तडतड ही मिटलेल्या सूक्ष्म वायुनलिका एकदम उघडण्याची आहे, तिला कफाची गरज नाही. दुसरा प्रश्न दमेकऱ्याच्या शिळेचा. बासरीत स्वर ठरतो तो नळीतल्या हवेच्या स्तंभाच्या लांबीवरून. छातीतली शीळ तशी असती तर इतका खर्ज स्वर काढण्यास कित्येक फूट लांबीची नळी लागली असती, आणि ती मानवी छातीत मावणार कोठे? म्हणून ती शीळ बासरीची नव्हे, सनईची आहे. जवळजवळ चिकटलेल्या वायुनलिकेच्या दोन भिंती सनईच्या पात्यांसारख्या थरथरतात आणि स्वर त्या थरथरीचा असतो. जत्रेतली पिपाणी फुंकणाऱ्या पोरालाही हे समजावे.

१९७६ साली बोस्टनमध्ये या ध्वनींच्या अभ्यासकांची आंतरराष्ट्रीय परिषद भरू लागली, आणि १९८५ साली टोकियोत त्यांनी नावांचा तंटा बराचसा निकालात काढला. तुटक आवाज दोन, बारीक आणि जाड. सलग आवाज दोन, उच्च स्वराचा आणि खर्जाचा. एवढेच ठेवावे असे ठरले आणि निरनिराळ्या भाषांतले पर्याय समोरासमोर मांडले गेले. त्या कोष्टकात मराठीचे घर नाही. ते असते तर काय भरावे, याचा विचार मी अनेक रात्री केला आहे. परिभाषेच्या सरकारी दप्तरात घडविलेले जोडशब्द मला नको आहेत; आपल्या भाषेत नादानुकारी शब्दांची इतकी सुबत्ता आहे की तिला हात न लावणे हाच अपराध ठरेल. बारीक ती तडतड, मिठाची. जाड ती गुडगुड, हुक्क्याची. उच्च स्वराची ती शीळ, आणि खर्जाची ती घुरघुर. फुप्फुसावरणाचे दोन पदर सुजून एकमेकांवर घासतात तेव्हा होणारी ती करकर, नव्या कातडी वहाणांची.

हा नामकरणाचा सोस आज निरर्थक वाटेल, कारण आवाज टिपून यंत्राच्याच हवाली करण्याचे दिवस आले आहेत. मुंबईच्या आयआयटीत तयार झालेला डिजिटल स्टेथोस्कोप २०२० च्या साथीत रुग्णालयांना पुरविला गेला. पोर्तुगाल आणि ग्रीसमधल्या अभ्यासकांनी १२६ व्यक्तींची ९२० ध्वनिमुद्रणे २०१७ साली सर्वांस खुली केली. पण त्या संग्रहातल्या प्रत्येक श्वासावर आधी कोणा जाणत्या माणसाने ऐकून शिक्का मारलेला आहे, आणि यंत्र जे शिकते ते त्या शिक्क्यावरूनच शिकते. नाव चुकले की यंत्रही चुकणार.

श्रीपूरचा विषय निघाल्यावर उसाच्या चोथ्याची, म्हणजे बगॅसची, गोष्ट टाळता येत नाही. ताजा, ओलसर बगॅस बॉयलरमध्ये जळून जातो, तो निरुपद्रवी. परंतु गठ्ठे बांधून महिनोन्‌महिने साठविला की तो आतून तापतो, त्यावर उष्णताप्रिय सूक्ष्मजंतू वाढतात, आणि गठ्ठे फोडताना उडणारी धूळ श्वासावाटे आत गेली की ताप, खोकला आणि धाप लागते. १९४१ साली अमेरिकेतल्या लुइझियाना प्रांतात या विकाराचे प्रथम वर्णन झाले आणि त्याला बगॅसोसिस हे नाव मिळाले.

काही वर्षांपूर्वी परजिल्ह्यातला एक गृहस्थ येथे पाहुणा म्हणून आला असता माझ्याकडे आला. दूरच्या एका कागद गिरणीच्या गोदामात त्याने उमेदीची वर्षे कोरड्या बगॅसचे गठ्ठे फोडण्यात घालविली होती. कारखान्याची पाळी बदलून भोंगा थांबेपर्यंत मी वाट पाहिली, मग त्याला पाठमोरे बसवून दीर्घ श्वास घ्यावयास सांगितले. केसपेपरावर त्या दिवशी मी जे लिहिले ते असे : तडतड बारीक, श्वास आत घेण्याच्या अखेरीस, दोन्ही बाजूंस, तळाशी, खोकल्याने बदलत नाही.