नऊ धावांचे अंतर

क्रिकेटच्या धावपत्रकात फलंदाजाच्या नावापुढे 'नाबाद' हा शब्द आला म्हणजे वाचणाऱ्यास सहसा समाधानच वाटते. खेळाडू अखेरपर्यंत टिकला, प्रतिपक्षाला त्यास हलविता आले नाही, असा त्याचा सरळ अर्थ. परंतु महाराष्ट्राच्या क्रिकेटच्या इतिहासात एक 'नाबाद' असा आहे की, तो वाचताना अभिमानाबरोबर थोडी हळहळही वाटल्यावाचून राहत नाही. तो म्हणजे भाऊसाहेब बाबासाहेब निंबाळकर यांच्या नावापुढील ४४३ नाबाद हा आकडा होय. १९४८ सालच्या डिसेंबर महिन्यात, पुण्यास पुणे क्लबच्या मैदानावर ह्या धावा निघाल्या. पहिल्या दर्जाच्या क्रिकेटमधील त्या वेळचा जागतिक उच्चांक होता ४५२ धावांचा. अंतर उरले होते अवघे नऊ धावांचे. ते का उरले, ही हकीगत जितकी चमत्कारिक तितकीच विचार करावयास लावणारी आहे.

ह्या शिखराची चढण कशी होती, ते आधी पाहिले पाहिजे. इंग्लंडचे डॉक्टर ग्रेस यांनी १८७६ साली ३४४ धावा काढल्या, तेव्हा एका डावात एका माणसाने एवढ्या धावा कराव्यात हेच लोकांना नवल वाटले. १८९५ साली मॅक्लारेन यांनी टॉन्टन येथे ४२४ पर्यंत मजल मारली. पुढे ऑस्ट्रेलियाच्या पॉन्सफर्ड यांनी १९२३ साली ४२९ आणि १९२७ साली ४३७ धावा करून आपलाच उच्चांक आपण मोडला. १९३० च्या आरंभी डोनाल्ड ब्रॅडमन यांनी सिडनीच्या मैदानावर क्वीन्सलंडविरुद्ध नाबाद ४५२ धावा काढल्या आणि मग अठरा वर्षे त्या आकड्याच्या आसपासही कोणी फिरकले नाही. फिरकला तो कोल्हापूरचा एक गडी.

निंबाळकर ज्या संघातून खेळत होते त्याचे नाव 'महाराष्ट्र'. परंतु त्या नावावरून कोणी सारा मराठी मुलूख डोळ्यांपुढे आणील तर फसगत होईल. रणजी करंडकाचे सामने १९३४ साली सुरू झाले आणि त्यानंतरच्या काळात मुंबईचा संघ निराळा, बडोद्याचा निराळा, इंदूरचा होळकरांचा निराळा अशी वाटणी होती, आणि वऱ्हाड मध्यप्रांताच्या वाट्यास गेला होता. हिंगोली, परभणी, नांदेड हा भाग १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाच्या राज्यात होता. हिंगोलीस हैदराबाद कंटिंजंटची जुनी छावणी होती खरी, पण ज्या मुलखाचा आज स्वतंत्र हिंगोली जिल्हा आहे, त्याचा रणजी करंडकातील संघ म्हणजे हैदराबादचाच. सारांश, मराठी बोलणारे खेळाडू चार-पाच झेंड्यांखाली एकमेकांविरुद्ध उभे राहत. पुण्याच्या आधारावर उभ्या राहिलेल्या ह्या लहानशा 'महाराष्ट्रा'ने प्राध्यापक दि. ब. देवधर यांच्या नेतृत्वाखाली १९३९-४० आणि १९४०-४१ असा लागोपाठ दोन वर्षे करंडक जिंकला, ही गोष्ट त्यामुळेच अधिक मोलाची ठरते.

तो काळ धावांच्या सुकाळाचा होता. खेळपट्ट्या फलंदाजाला धार्जिण्या असत. सामना पुरा न झाल्यास पहिल्या डावात ज्याची आघाडी तो विजयी, असा नियम असल्यामुळे संघनायकाला डाव सोडून देण्याची घाई नसे. धावांची रास जितकी मोठी तितका तो निश्चिंत. १९३९-४० साली विजय हजारे यांनी महाराष्ट्रातर्फे बडोद्याविरुद्ध नाबाद ३१६ धावा केल्या. पुढील वर्षीच्या सामन्यात मुंबईच्या ६५० तर महाराष्ट्राच्या ६७५ धावा झाल्या, आणि महाराष्ट्राच्या धावांत वयाची पंचेचाळिशी उलटलेल्या देवधरांच्या २४६ होत्या. विजय मर्चंट यांनी १९४३-४४ साली महाराष्ट्राच्याच गोलंदाजीवर नाबाद ३५९ धावा काढल्या. होळकर संघाने १९४५-४६ साली म्हैसूरविरुद्ध आठ गडी बाद ९१२ धावांचा डोंगर उभा केला. त्या एका डावात सहा शतके होती. पुढच्याच वर्षी बडोद्यास अंतिम सामन्यात हजारे आणि गुल महंमद ह्या जोडीने चौथ्या गड्यासाठी ५७७ धावांची भर घातली. अशा हवेत ४४३ हा आकडा आकाशातून पडला नाही. परंतु ह्या साऱ्या डोंगरांत तोच सर्वांत उंच ठरला, हेही तितकेच खरे.

आता त्या सामन्याकडे वळू. तो १६ डिसेंबर १९४८ रोजी सुरू झाला. चारच दिवसांपूर्वी निंबाळकरांना एकोणतीस वर्षे पूर्ण झाली होती. प्रतिपक्ष होता काठेवाडचा. काठेवाडातील संस्थाने त्याच वर्षी सौराष्ट्राच्या नव्या राज्यात विलीन झाली होती. तथापि संघाचे नाव जुनेच राहिले होते आणि त्याचे नायकही राजकोटचे ठाकोरसाहेब हेच होते. काठेवाडचा पहिला डाव २३८ धावांत आटोपला. महाराष्ट्राचा पहिला गडी बाद झाल्यावर निंबाळकर आणि कमल भांडारकर यांची जोडी जमली, ती ४५५ धावांची भर पडेपर्यंत फुटली नाही. भांडारकर २०५ धावा करून परतले. निंबाळकर खेळतच राहिले. ते मैदानावर एकंदर ४९४ मिनिटे, म्हणजे सव्वाआठ तास होते. त्यांनी ४९ चौकार आणि एक षट्कार मारला. त्यांची बेरीज केली तर २०२ धावा होतात. उरलेल्या २४१ धावा त्यांनी पळून काढल्या. हा हिशोब ध्यानात घेतला म्हणजे सव्वाआठ तासांच्या श्रमाची कल्पना येते.

तिसऱ्या दिवशीच्या विश्रांतीची वेळ झाली तेव्हा महाराष्ट्राच्या चार गडी बाद ८२६ धावा झाल्या होत्या. त्यांपैकी निम्म्याहून अधिक एकट्या निंबाळकरांच्या होत्या. ब्रॅडमनचा उच्चांक आता दोन-तीन षटकांच्या टप्प्यात आला होता. त्याच विश्रांतीत ठाकोरसाहेबांनी महाराष्ट्राचे नायक राजा गोखले यांना निर्वाणीचे सांगितले की, डाव आताच घोषित करा, नाही तर आम्ही निघालो. केवळ विक्रमापुरती थोडी षटके खेळू द्यावी, अशी विनंती महाराष्ट्राकडून झाली. परंतु तिचा उपयोग झाला नाही. काठेवाडच्या मंडळींनी सामना सोडून दिला आणि ती पुण्याहून परत गेली. जागतिक उच्चांक ज्याच्याविरुद्ध झाला तो संघ म्हणून आपले नाव इतिहासात राहू नये, हा त्यांचा हेतू होता, असे सांगितले जाते. महाराष्ट्राचा विजय झाला. निंबाळकर नाबाद राहिले. आणि नऊ धावांचे अंतर कायमचे नाबाद राहिले.

ह्या प्रसंगात काठेवाडकरांना दोष देणे सोपे आहे, आणि तो आजवर पुष्कळांनी दिलाही आहे. परंतु न्यायाच्या दृष्टीने दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. महाराष्ट्राची आघाडी ५८८ धावांची झाली होती. सामन्याचा निकाल केव्हाच ठरून गेला होता. त्यापुढील खेळ संघासाठी नव्हता, एका खेळाडूच्या आकड्यासाठी होता. अकरा माणसांनी तीन दिवस उन्हात चेंडू वेचावेत आणि शेवटी दुसऱ्याच्या कीर्तीची पायरी म्हणून आपले नाव राहावे, ही गोष्ट कोणाच्याही मनाला लागेल. मात्र येथेच खेळाचा एक कठीण नियम पुढे येतो. तो कोणत्याही पुस्तकात छापलेला नसला तरी सर्व खेळांना लागू आहे. पराभव हा खेळाचा भाग आहे; मैदान सोडणे हा नव्हे. फलंदाजाला बाद करणे हा काठेवाडचा हक्क होता, आणि पुढच्याच चेंडूवर तो बजाविण्याची संधी त्यांना होती. ती त्यांनी स्वतःच्या हातांनी टाकली. निंबाळकर ४४४ वर त्रिफळाचीत झाले असते तर काठेवाडची लाज राहिली असती आणि कोणाचीच हळहळ उरली नसती.

हाच विचार परक्या मुलखातील आणि परक्या खेळातील एका उदाहरणाने अधिक स्पष्ट होतो. २ मार्च १९६२ रोजी अमेरिकेतील हर्शी ह्या गावी बास्केटबॉलच्या सामन्यात विल्ट चेंबरलेन नावाच्या धिप्पाड खेळाडूने एकट्याने १०० गुण मिळविले. त्याच्या फिलाडेल्फियाच्या संघाने न्यूयॉर्कवर १६९ विरुद्ध १४७ अशी मात केली. शंभराचा आकडा जवळ येऊ लागला तेव्हा न्यूयॉर्कच्या खेळाडूंनाही आपले नाव त्याच्याशी जोडले जावे असे वाटत नव्हते. त्यांनी चेंडू रेंगाळत ठेवला, चेंबरलेनपर्यंत तो पोचू नये म्हणून त्याच्या सोबत्यांवर दांडगाई केली, सर्व उपाय योजून पाहिले. ते उपाय फारसे सुंदर नव्हते. पण अखेरपर्यंत ते मैदानावर होते. म्हणूनच तो शंभराचा आकडा निर्विवाद झाला आणि हरलेल्यांनाही त्याच्या इतिहासात मानाची जागा मिळाली.

पुण्याच्या क्रिकेटला असे उदाहरण शोधण्यासाठी अमेरिकेस जाण्याचेही कारण नाही. काठेवाडचा संघ निघून गेला, त्यास तीन महिने होतात न होतात तोच, १९४९ च्या मार्चमध्ये, पुण्यासच महाराष्ट्र आणि मुंबई यांचा उपान्त्य सामना झाला. मुंबईने पहिल्या डावात ६५१ धावा केल्या. महाराष्ट्राने ४०७ केल्या. एवढी आघाडी हाती असूनही मुंबईने दुसऱ्या डावात आठ गडी बाद ७१४ धावा केल्या आणि मग डाव सोडला. महाराष्ट्रापुढे आव्हान राहिले ९५९ धावांचे! जगात कोठेही, कोणीही, चौथ्या डावात एवढ्या धावा केलेल्या नव्हत्या. अपमान मानावयाचा असता तर तो मानण्यास महाराष्ट्राला पुरेसे कारण होते. परंतु महाराष्ट्राचे फलंदाज मैदानावर उतरले आणि शेवटचा गडी बाद होईपर्यंत खेळले. त्यांनी ६०४ धावा केल्या आणि ३५४ धावांनी हार पत्करली. मुंबईचे उदय मर्चंट आणि दत्तू फडकर, महाराष्ट्राचे रेगे, ह्या तिघांनी त्या सामन्यात दोन्ही डावांत शतके काढली. माधव मंत्री यांनी मुंबईतर्फे द्विशतक केले. चारही डावांची बेरीज २३७६ झाली. पहिल्या दर्जाच्या एका सामन्यातील धावांचा तो जागतिक उच्चांक आजही मोडलेला नाही. तो उच्चांक ना मुंबईचा, ना महाराष्ट्राचा. तो दोघांचा आहे, आणि हरलेल्या बाजूने त्यात १०११ धावांची भर घातली आहे.

एकाच मैदानी हंगामात, एकाच शहरात घडलेल्या ह्या दोन सामन्यांची तुलना केली म्हणजे विक्रम म्हणजे काय ह्याचा उलगडा होतो. विक्रम हा एकट्याचा म्हणून नोंदला जातो. पण तो घडतो दोन पक्षांच्या संमतीने. गोलंदाजाने चेंडू टाकलाच नाही, तर जगातला श्रेष्ठ फलंदाजही एक धाव काढू शकत नाही.

ब्रॅडमनचा आकडा पुढे इतरांनी ओलांडला. १९५९ साली कराचीस हनीफ महंमद ४९९ वर धावचीत झाले. पाचशेवी धाव घेताना ते बाद झाले. १९९४ साली ब्रायन लारा यांनी इंग्लंडमध्ये डरहॅमविरुद्ध नाबाद ५०१ धावा केल्या. त्या दिवशी सामन्याचा निकाल लागण्याची आशा उरली नव्हती, तरी डरहॅमचे गोलंदाज अखेरच्या षटकापर्यंत चेंडू टाकीत राहिले. आज निंबाळकरांचा डाव जगात चौथ्या क्रमांकावर आहे. रणजी करंडकात मात्र तो पहिलाच आहे. २०२३ साली पृथ्वी शॉ यांनी आसामविरुद्ध ३७९ धावा केल्या, तरी चौसष्ट धावांचे अंतर उरलेच.

निंबाळकरांच्या पुढील आयुष्यात आणखी एक 'राहून गेले' आहे. बडोदे, महाराष्ट्र, होळकर, राजस्थान, रेल्वे अशा अनेक संघांतून ते खेळले. पहिल्या दर्जाच्या सामन्यांत त्यांची सरासरी ४७ हून अधिक होती. तथापि भारताच्या कसोटी संघात त्यांची निवड एकदाही झाली नाही. चारशे धावांचा डाव खेळूनही कसोटी सामना न खेळलेला फलंदाज २०२२ सालापर्यंत जगात हा एकच होता. ब्रॅडमन यांनी पत्र पाठवून त्यांच्या डावाची स्तुती केली, ही गोष्ट प्रसिद्ध आहे. भारतीय क्रिकेट नियामक मंडळाने २००२ साली कर्नल सी. के. नायडू यांच्या नावाचा जीवनगौरव पुरस्कार देऊन त्यांचा सन्मान केला. ११ डिसेंबर २०१२ रोजी कोल्हापुरात त्यांचे निधन झाले. दुसऱ्या दिवशी त्यांना त्र्याण्णव वर्षे पूर्ण व्हावयाची होती. तेथेही एका दिवसाचे अंतर राहून गेले.

धावपत्रकात त्या सामन्याचा शेवट एका ओळीत आला आहे: काठेवाडने सामना सोडला. सोडणाऱ्यांना वाटले असेल की, आपण एका उच्चांकातून आपले नाव वाचविले. परंतु इतिहासाची तऱ्हा उलटी आहे. ते शेवटपर्यंत खेळले असते तर अनेक पराभूत संघांपैकी एक म्हणून लोक त्यांना विसरून गेले असते. ते निघून गेले, म्हणूनच ४४३ ह्या आकड्याबरोबर आजही त्यांचे नाव घेतले जाते.