तारामतीपासून कॅमेऱ्यापर्यंत : अण्णा साळुंके

दादासाहेब फाळक्यांना 'राजा हरिश्चंद्र'साठी तारामती मिळत नव्हती, ही हकीगत मराठी वाचकास बहुधा ठाऊक असते. वेश्यावस्तीतूनही नकारच आला आणि अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारा, सडपातळ बांध्याचा, नाजूक हातांचा अण्णा साळुंके त्यांच्या दृष्टीस पडला. महिना 10 रुपयांची नोकरी सोडून तो 15 रुपयांवर फाळक्यांकडे आला, असे सांगतात. मिशा उतरवण्याचा प्रसंगही रंगवून सांगितला जातो आणि हकीगत तेथेच थांबते. आम्हांस तिचा पुढील भाग अधिक मोलाचा वाटतो.

3 मे 1913 रोजी गिरगावातील कॉरोनेशनमध्ये हा चित्रपट लागला. त्याच वर्षी नारायणराव राजहंसांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. स्त्रीपार्ट करणाऱ्या नामवंत नटांची मराठी रंगभूमीवर वाण नव्हती. मग तारामती भटारखान्यातून का यावी? आमचा तर्क असा, की त्या नटांचे सामर्थ्य गळ्यात होते आणि मूकपटाला गळाच नव्हता. ज्याला गाता येत नाही त्याला येथे वाव होता. साळुंके त्या अर्थाने नाटकाचा वारस नव्हेच.

जपानात नेमके उलट घडले. तेथे काबुकी आणि शिंपा नाटकांतील स्त्रीभूमिकांची परंपरा नटांसह पडद्यावर आली. आवाज पडद्याशेजारी उभा राहणारा निवेदक, बेन्शी, पुरवीत असे. तेइनोसुके किनुगासा हा स्त्रीभूमिका करणारा नट 1917 च्या सुमारास निक्कात्सू कंपनीत शिरला. पुढे नट्या आल्या, तशी ही प्रथा मागे पडली. किनुगासा दिग्दर्शक झाला. 1926 चा 'अ पेज ऑफ मॅडनेस' त्याचाच.

आपल्याकडे नट्या त्याहून लवकर आल्या. 1913 च्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई होत्या. तरीही 1917 च्या 'लंकादहन'मध्ये सीता साळुंकेच होता, आणि रामही तोच! रंगमंचावर हे अशक्यप्राय. चित्रणात दृश्ये तुकड्यांनी घेतली जात असल्याने शक्य झाले. शिवाय या कथाभागात राम व सीता विरहातच असतात, त्यामुळे ती फारशी समोरासमोर येत नाहीत. भारतीय चित्रपटातील पहिली दुहेरी भूमिका म्हणून तिचा उल्लेख होतो. आम्हांस मात्र त्यात निराळेच काही दिसते: आपला चेहरा यंत्रापुढे कसा वाटला जातो, हे या माणसाने स्वतःच्या देहावर अनुभवले होते.

वर्ध्यात विद्यार्थ्यांना 'हरिश्चंद्र'चा उपलब्ध भाग दाखवला, की कारंज्याच्या हौदातील ओलेत्या 'स्त्रिया' पाहून वर्ग हसतो. हसावे, आम्हीही हसलो होतो. पण त्यानंतर साळुंकेच्या चेहऱ्याकडे पाहावे. अभिनय ओबडधोबड आहे, हे मान्य. मात्र नाटकातल्याप्रमाणे दूरच्या प्रेक्षकाला उद्देशून केलेले हातवारे त्यात फारसे नाहीत.

1920 नंतर हाच साळुंके कॅमेऱ्यामागे दिसतो. 1923 च्या 'बुद्धदेव'चे छायाचित्रण त्याचे. किनुगासाप्रमाणेच स्त्रीवेष उतरवून तो यंत्राच्या दुसऱ्या बाजूस गेला. किनुगासाच्या 'गेट ऑफ हेल'ला 1954 मध्ये कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. साळुंकेचे नाव निघाले, की आजही उपाहारगृहाचीच गोष्ट सांगितली जाते.