हेन्री फॉसेट : हिंदुस्थानचे सभासद
हेन्री फॉसेट यांचे नाव आज क्वचितच ऐकू येते. १८५८ साली शिकारीत खुद्द वडिलांच्याच बंदुकीचे छरे लागून त्यांचे दोन्ही डोळे गेले. तथापि ते १८६३ त केंब्रिज येथे अर्थशास्त्राचे प्राध्यापक व १८६५ त पार्लमेंटचे सभासद झाले. १८६७ त तुर्कस्तानच्या सुलतानासाठी लंडनमध्ये झालेल्या नृत्यसमारंभाचा खर्च हिंदुस्थानच्या तिजोरीवर पडला. पाहुणा इंग्लंडचा, मग भुर्दंड हिंदी रयतेस का, असा त्यांचा आक्षेप होता. १८७४ त ते ब्रायटनला पराभूत झाले, तेव्हा त्यांच्या निवडणूक-खर्चासाठी हिंदी लोकांनी वर्गणी पाठविली. १८८४ त ते निवर्तले. रयतेच्या पैशाचा हिशेब मागणाऱ्यास रयत विसरत नाही. ज्ञातिनिधी सांभाळणाऱ्या बांधवांनी हे ध्यानी ठेवावे, एवढीच आमची विनंती.