क्युबोझोआ

क्युबोझोआ : निडारिया संघातील मेड्युसोझोआ या उपसंघाचा एक वर्ग. चौकोनी, डब्यासारख्या छत्रीच्या जेलीफिशांचा यात समावेश होतो. व्यवहारात त्यांना ‘बॉक्स जेलीफिश’ किंवा ‘सी वास्प’ म्हणतात. सुमारे ५० जाती ज्ञात असून त्या मुख्यतः उष्ण व समशीतोष्ण समुद्रांत, किनाऱ्यालगत राहतात. जगातील अत्यंत विषारी सागरी प्राण्यांमध्ये गणली जाणारी कायरोनेक्स फ्लेकेरी ही जाती याच वर्गातली. तथापि ‘क्युबोझोआ’ ही संज्ञा विषाची तीव्रता सांगत नाही. ती शरीराची घडण, जीवनचक्र आणि वंशसंबंध सांगते. वर्गातील सर्व प्राण्यांना दंशपेशी असतात. पण काहींच्या दंशाने थोडी जळजळ होते, तर काहींच्या दंशाने काही मिनिटांत माणूस दगावतो.

व्युत्पत्ती व इतिहास

ग्रीक ‘क्युबोस’ म्हणजे घन किंवा फासा आणि ‘झोऑन’ म्हणजे प्राणी, यांवरून ही संज्ञा बनली आहे. हे प्राणी मात्र संज्ञेपेक्षा खूप आधीपासून शास्त्राला ठाऊक होते. भूमध्य समुद्रातील एका जातीचे वर्णन लिनीअसने १७५८ मध्ये ‘मेड्युसा मार्सुपिआलिस’ या नावाने केले. आज ती कॅरिब्डिया मार्सुपिआलिस म्हणून ओळखली जाते. कॅरिब्डिया हा वंश फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ पेराँ व लेस्युर यांनी १८१० मध्ये स्थापन केला. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ एर्न्स्ट हेकेल याने १८७७ मध्ये चौकोनी छत्रीच्या जेलीफिशांसाठी ‘क्युबोमेड्युसी’ हे नाव योजले. पुढे जवळजवळ शतकभर क्युबोमेड्युसी हा सायफोझोआ, म्हणजे नेहमीच्या जेलीफिशांच्या वर्गातला एक गण मानला जात होता.

या काळातील महत्त्वाचा अभ्यास अमेरिकेच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातील फ्रँकलिन कॉनंट या तरुण संशोधकाचा आहे. जमैकातील किंग्स्टन बंदरात त्याला ट्रायपेडालिआ सिस्टोफोरा ही छोटी जाती सापडली. १८९७ मध्ये पीतज्वराने त्याचा मृत्यू झाला आणि क्युबोमेड्युसींवरील त्याचा प्रबंध दुसऱ्या वर्षी प्रसिद्ध झाला. याच जातीचे संपूर्ण जीवनचक्र बर्नहार्ट वेर्नर व त्याच्या सहकाऱ्यांनी १९७१ मध्ये प्रसिद्ध केले. तिचा पॉलिप (पृष्ठाला चिकटून राहणारी अवस्था) सायफोझोआच्या पॉलिपांहून मूलतः वेगळा असल्याचे दिसल्याने वेर्नरने १९७३ मध्ये या प्राण्यांना स्वतंत्र वर्गाचा दर्जा देऊन ‘क्युबोझोआ’ हे नाव दिले. म्हणून जुन्या ग्रंथांत ‘क्युबोमेड्युसी’ आढळल्यास तो याच प्राण्यांचा उल्लेख समजावा. आजही हा शब्द वापरात आहे, पण तो फक्त पोहणाऱ्या प्रौढ अवस्थेला लागू होतो. क्युबोझोआ या संज्ञेत पॉलिपही येतो.

शरीररचना

छत्री पारदर्शक असून आडव्या छेदात चौकोनी दिसते. तिच्या खालच्या चारही कोपऱ्यांवर पेडॅलियम नावाचे जाड, पात्यासारखे भाग असतात आणि त्यांच्यापासून संस्पर्शके (लांब, लवचीक दंशतंतू) लोंबतात. छत्रीच्या तळाशी व्हेलॅरियम हा पातळ पडदा आत वळलेला असतो. त्यामुळे छत्रीचे तोंड अरुंद होते, आकुंचनाबरोबर पाणी जोराने बाहेर फेकले जाते आणि प्राणी वेगाने पुढे जातो. इतर बहुतेक जेलीफिश प्रवाहाबरोबर वाहत राहतात. क्युबोझोआ मात्र ठरावीक दिशेने पोहतात, वळतात आणि अडथळे टाळतात. पारदर्शकपणामुळे मोठा प्राणीही पाण्यात चटकन दिसत नाही आणि पोहणाऱ्यांना असलेल्या धोक्याचे ते एक मुख्य कारण आहे.

दृष्टी

छत्रीच्या चार बाजूंवर एकेक संवेदनपिंड असतो. प्रत्येक पिंडावर सहा डोळे असतात, म्हणजे एकूण २४. त्यांपैकी प्रत्येक पिंडावरील दोन डोळ्यांना भिंग, दृष्टिपटल व स्वच्छमंडल असते. उरलेले चार साधे, प्रकाशाची जाणीव करून देणारे असतात. स्वीडनचे डान-एरिक निल्सन व सहकाऱ्यांनी २००५ मध्ये ट्रायपेडालिआच्या भिंगांची रचना उलगडली. भिंग अतिशय चांगले असले तरी प्रतिमा दृष्टिपटलाच्या मागे पडते, म्हणून बारीक तपशील पुसट होऊन मोठ्या आकृती तेवढ्या टिपल्या जातात. खारफुटीच्या मुळांमध्ये वावरणाऱ्या प्राण्याला एवढी दृष्टी पुरते. पिंडाच्या टोकाला जड स्फटिक असल्यामुळे प्राणी कसाही वळला तरी वरचा भिंगडोळा आकाशाकडेच राहतो. पाण्याच्या पृष्ठभागातून दिसणाऱ्या खारफुटीच्या पालवीवरून ट्रायपेडालिआ दिशा ठरवते, असे अँडर्स गार्म व सहकाऱ्यांनी २०११ मध्ये दाखवले. २०२३ मध्ये तिच्यात अनुभवातून शिकण्याची क्षमताही सिद्ध झाली : आडव्या येणाऱ्या मुळांना धडकल्यावर ती अंतराचा अंदाज सुधारते. मेंदू नसलेल्या, केवळ चेतातंतूंचे जाळे व चार संवेदनपिंड असलेल्या प्राण्यात ही क्षमता आढळल्याने शिकण्याच्या उगमाविषयीचा विचारच बदलला आहे.

जीवनचक्र

फलित अंड्यातून पोहणारी डिंभावस्था निघते. ती कठीण पृष्ठाला चिकटून काही मिलिमीटरांच्या पॉलिपमध्ये बदलते. सायफोझोआचा पॉलिप आडव्या चकत्यांत विभागून अनेक पिल्ले सोडतो. क्युबोझोआचा पॉलिप मात्र सर्वसाधारणपणे संपूर्णपणे एकाच मेड्युसात (पोहणाऱ्या अवस्थेत) रूपांतरित होतो. वेर्नरने वर्ग वेगळा केला तो प्रामुख्याने या फरकावर. पॉलिप मुकुलनाने आपल्यासारखे आणखी पॉलिपही तयार करतो. काही जातींमध्ये नर व मादी जवळ येतात आणि नर शुक्राणूंची पुडी मादीला देतो. जेलीफिशांमध्ये असे वर्तन दुर्मीळ आहे. हवाई बेटांवरील वाइकीकी किनाऱ्याजवळ अलाटिना अलाटा ही जाती पौर्णिमेनंतर साधारण ८ ते १० दिवसांनी प्रजननासाठी थव्याने येते. तिथले जीवरक्षक तिथी पाहून पोहणाऱ्यांना आधीच सावध करतात.

वर्गीकरण

या वर्गाचे दोन गण आहेत. कॅरिब्डिडा गणात प्रत्येक पेडॅलियमला एकच संस्पर्शक असते. कॅरिब्डिया, अलाटिना, ट्रायपेडालिआ, कारुकिया, मालो हे वंश यात येतात. कायरोड्रोपिडा गणात पेडॅलियम हाताच्या पंजासारखे फाटलेले असते आणि त्याच्या प्रत्येक बोटाला संस्पर्शक असते. कायरोनेक्स, कायरोप्साल्मस, कायरोप्सेला हे यातील वंश. माणसांचे थेट बळी घेणाऱ्या बहुतेक जाती या दुसऱ्या गणातल्या आहेत. अमेरिकेतील इलिनॉय राज्याच्या मॅझन क्रीक येथे मिळालेला अँथ्राकोमेड्युसा हा सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वीचा जीवाश्म याच वर्गातला मानला जातो. नव्या जाती अजूनही सापडत आहेत. हाँगकाँगच्या माय पो पाणथळीतील ट्रायपेडालिआ मायपोएन्सिस हिचे वर्णन २०२३ मधले आहे.

कायरोनेक्स फ्लेकेरी

२० जानेवारी १९५५ रोजी ऑस्ट्रेलियाच्या उत्तर क्वीन्सलँडमधील कार्डवेल येथे उथळ पाण्यात पाच वर्षांचा मुलगा जेलीफिशच्या दंशाने मृत्युमुखी पडला. केर्न्सचे डॉक्टर व निसर्गअभ्यासक ह्यूगो फ्लेकर यांनी पोलिसांकरवी त्या पाण्यात जाळे ओढायला लावले. त्यात त्यांना अपरिचित अशी चौकोनी जेलीफिश मिळाली. ॲडलेडच्या रोनाल्ड साउथकॉट यांनी तिचा अभ्यास करून १९५६ मध्ये नवा वंश व नवी जाती म्हणून तिचे वर्णन केले. ‘कायरोनेक्स’ हे नाव ग्रीकमधील हात आणि लॅटिनमधील हिंसक मृत्यू या अर्थांच्या शब्दांवरून, तर ‘फ्लेकेरी’ हे डॉ. फ्लेकर यांच्या सन्मानार्थ दिलेले आहे.

हिची छत्री सुमारे ३० सेंमी. रुंद होते. चारही कोपऱ्यांवर प्रत्येकी १५ पर्यंत संस्पर्शके असून ती ताणल्यावर ३ मीटरपर्यंत लांब होतात. त्वचेला स्पर्श होताच लक्षावधी दंशपेशींतील कुप्या फुटतात आणि सूक्ष्म, पोकळ धागे शरीरात विष सोडतात. विषातील प्रथिने पेशींच्या आवरणाला छिद्रे पाडतात. रक्तपेशींतील पोटॅशियम बाहेर पडते आणि हृदयाची लय बिघडते. संस्पर्शकांचा मोठा भाग अंगाला लागल्यास दोन ते पाच मिनिटांत मृत्यू येऊ शकतो. ऑस्ट्रेलियात या जातीमुळे ६० हून अधिक मृत्यूंची नोंद आहे. मेंढ्यांच्या रक्तद्रवापासून बनवलेले प्रतिविष तिथे १९७० पासून उपलब्ध आहे.

इरुकांजी विकार

केर्न्सजवळच्या किनाऱ्यावर पोहणाऱ्यांना किरकोळ दंशानंतर २०–३० मिनिटांनी तीव्र पाठदुखी, पेटके, घाम, उलट्या, वाढलेला रक्तदाब आणि मरणाची भीती अशी लक्षणे होत. त्या भागातील मूळ रहिवाशांच्या नावावरून फ्लेकर यांनी १९५२ मध्ये त्याला ‘इरुकांजी’ हे नाव दिले. कारण मात्र कळत नव्हते. १९६१ मध्ये डॉ. जॅक बार्न्स यांनी जेमतेम सेंटिमीटरभर छत्रीची जेलीफिश पकडून तिचा दंश स्वतःला, आपल्या नऊ वर्षांच्या मुलाला आणि एका जीवरक्षकाला करवून घेतला. तिघांनाही इस्पितळात हलवावे लागले. तिघेही बरे झाले. या जातीला १९६७ मध्ये कारुकिया बार्नेसी हे नाव मिळाले. पुढे मालो, अलाटिना इत्यादींच्या दंशानेही असाच विकार होतो, हे दिसून आले. म्हणून ‘इरुकांजी’ हे विकाराचे व त्यास कारण होणाऱ्या जेलीफिशांचे नाव आहे, एका जातीचे नव्हे.

संज्ञेचा वापर आणि गोंधळ

‘बॉक्स जेलीफिश’ हा शब्द दोन अर्थांनी रूढ आहे. शास्त्रज्ञ तो संपूर्ण क्युबोझोआ वर्गासाठी वापरतात. ऑस्ट्रेलियात मात्र बोलताना तो बहुधा एकट्या कायरोनेक्स फ्लेकेरीसाठी येतो. परिणामी ‘बॉक्स जेलीफिशचा दंश प्राणघातक असतो’ हे विधान एका अर्थाने बरोबर आणि दुसऱ्या अर्थाने चुकीचे ठरते. बातमी किंवा पाठ्यपुस्तकात शब्द वापरताना जातीचे नाव जोडणे म्हणूनच आवश्यक आहे.

शास्त्रीय नावेही सैलपणे वापरल्यास दिशाभूल करतात. हेकेलने १८८० मध्ये रंगूनच्या नमुन्यावरून कायरोप्साल्मस क्वाड्रिगाटस या जातीचे वर्णन केले. पुढे हेच नाव ऑस्ट्रेलियापासून जपानपर्यंतच्या दिसायला सारख्या जेलीफिशांना लावले गेले. क्वीन्सलँडमधील त्या नावाची जेलीफिश तुलनेने सौम्य दंशाची, तर ओकिनावातील ‘हाबु-कुरागे’ माणसांचे प्राण घेणारी होती. बारकाईने तपासल्यावर पहिली २००६ मध्ये कायरोप्सेला ब्रॉन्झी आणि दुसरी २००९ मध्ये कायरोनेक्स यामागुची या नावाने वेगळी झाली. तोवर एकाच नावाखाली दोन अगदी वेगळ्या धोक्यांची माहिती एकत्र होत होती. तिच्यावर विसंबणाऱ्या डॉक्टरला समोरच्या रुग्णाविषयी काय कळणार? प्राणी नीट ओळखून त्याला अचूक नाव देण्याचे काम थेट माणसांच्या जिवाशी जोडलेले आहे, हे या उदाहरणावरून स्पष्ट होते.

मराठी वाचकांच्या दृष्टीने आणखी एक भेद महत्त्वाचा आहे. पावसाळ्यात जुहू, गिरगाव आणि कोकण–गोव्याच्या किनाऱ्यांवर वाहून येणारी निळी, फुग्यासारखी ‘ब्लू बॉटल’ क्युबोझोआ नाही. ती फायसेलिया, हायड्रोझोआ वर्गातील प्राण्यांची वसाहत आहे. काटेकोरपणे ती जेलीफिशही नाही. तिचा दंश अतिशय वेदनादायक असला तरी तो बॉक्स जेलीफिशचा दंश म्हणून नोंदवणे चूक आहे. उलटपक्षी, कायरोड्रोपिडा गणातील जेलीफिश भारतीय समुद्रातही आढळतात आणि थायलंडच्या किनाऱ्यांवर त्यांच्या दंशाने पर्यटकांचे मृत्यू झाले आहेत. त्यामुळे ‘हा धोका फक्त ऑस्ट्रेलियाचा’ ही समजूतही बरोबर नाही.

प्रतिबंध व प्रथमोपचार

उत्तर क्वीन्सलँडमध्ये साधारण नोव्हेंबर ते मे हा दंशाचा हंगाम मानतात. या काळात जाळीने बंदिस्त केलेल्या पाण्यातच पोहण्याचा आणि अंगभर लायक्राचा पोशाख घालण्याचा सल्ला दिला जातो. जाळी मोठ्या कायरोनेक्सला अडवते. इवल्याशा इरुकांजी तीतून आत येऊ शकतात.

क्युबोझोआचा दंश झाल्यास रुग्णाला पाण्याबाहेर काढावे आणि तातडीची वैद्यकीय मदत बोलवावी. श्वास व नाडी थांबली असल्यास हृदय–फुप्फुस पुनरुज्जीवन लगेच सुरू करावे. दंशाच्या जागेवर किमान ३० सेकंद व्हिनेगर ओतावे. न फुटलेल्या दंशकुप्या त्यामुळे निष्क्रिय होतात, असे १९८० मध्ये ऑस्ट्रेलियातील संशोधनातून दिसून आले; आधीच शरीरात गेलेल्या विषावर किंवा वेदनेवर त्याचा उपाय होत नाही. जागा चोळू नये, गोडे पाणी ओतू नये, घट्ट पट्टी बांधू नये. ब्लू बॉटलच्या दंशासाठी ऑस्ट्रेलियात व्हिनेगर सुचवत नाहीत. समुद्राच्या पाण्याने धुऊन, सोसेल इतक्या गरम पाण्यात तो भाग ठेवतात. दंश कोणत्या प्राण्याचा यावर प्रथमोपचार ठरतो. म्हणून किनाऱ्यावरील सूचनाफलकांवर, बातम्यांत आणि शालेय पुस्तकांत ‘क्युबोझोआ’, ‘कायरोनेक्स’, ‘इरुकांजी’ आणि ‘ब्लू बॉटल’ ही चार नावे वेगवेगळीच वापरली पाहिजेत.