शिकागोचें प्रदर्शन: दोन प्रकारचे कागद

जगत्प्रदर्शनांचे वृत्तान्त बहुधा तीं भरविणाऱ्यांनींच लिहिलेले असतात. म्हणून दुसऱ्या बाजूचे कागद पाहिल्याविना निर्णय करूं नये, असें आमचें मत आहे. सन १९३३-३४ मध्यें अमेरिकेंतील शिकागो शहरीं भरलेल्या ‘प्रगतीचें शतक’ या प्रदर्शनाचें उदाहरण घेऊं.

पहिला कागद रोख्याचा. शहराच्या शताब्दीनिमित्त योजिलेल्या या प्रदर्शनासाठीं एक कोटि डॉलरांचे रोखे ता. २८ आक्टोबर १९२९ रोजीं निघाले. दुसऱ्याच दिवशीं न्यूयॉर्कचा शेअरबाजार कोसळला. तथापि रोख्यांच्या फेडीस प्रवेशशुल्काचा शेंकडा ४० भाग बांधून दिला होता व धनिकांची हमीही होती. ता. २७ मे १९३३ रोजीं प्रदर्शन उघडलें. पुढील वर्षीं तें पुनः भरविलें. दोन्ही हंगाम मिळून सुमारें ३ कोटि ९० लक्ष लोक तिकीट काढून आले व रोख्यांची पूर्ण फेड झाली. भर मंदींत हें यश लहान नव्हे.

दुसरा कागद शिक्षकांच्या वेतनाचा. १९२८ पासून मालमत्तेच्या फेरआकारणीमुळें शहराची करवसुली खोळंबली; पुढें अनेक मालकांनीं कर भरण्याचेंच नाकारिलें. शाळाखात्याची तिजोरी रिती झाली. शिक्षकांस महिनेच्या महिने वेतन मिळेना. मिळे तेंही पुष्कळदां वायद्याच्या चिठ्ठ्यांनीं, आणि त्या बट्टा सोसून वटवाव्या लागत. एप्रिल १९३३ मध्यें, म्हणजे प्रदर्शन उघडण्यापूर्वीं थोडेच दिवस, हजारों शिक्षक मोर्चा काढून बँकांवर गेले. त्यांची थकबाकी आगस्ट १९३४ मध्यें केंद्र सरकारच्या कर्जांतून फिटली.

यांपैकीं खरा कागद कोणता? आमच्या मतें दोन्ही. रोख्यांची फेड तिकिटांच्या उत्पन्नांतून व्हावयाची, वेतन मालमत्तेच्या करांतून. दोहोंचे झरे निराळे. म्हणून प्रदर्शनानें शिक्षकांस नाडिलें हें म्हणणें जसें या कागदांवरून सिद्ध होत नाहीं, तसेंच प्रदर्शनानें शहर तारिलें हेंही होत नाहीं. रोखेधारक तरले, एवढेंच सिद्ध होतें.

प्रदर्शन-मंडळाचें दप्तर शिकागो येथील इलिनॉय विद्यापीठाच्या ग्रंथालयांत जतन केलेलें आहे. परंतु वायद्याची चिठ्ठी पैसे मिळतांच धनकोच्या हातून जाते. घरांत राहतें तें पदक किंवा सचित्र पुस्तक. संग्राहकांस आमची विनंति एवढीच कीं, देखण्या कागदाबरोबर दीन कागदही राखावा; त्यावांचून देखण्याचा अर्थ लागत नाहीं.